तीन जुड्या आणि वर चाळीस

"शाळेत काय शिकवता तुम्ही?" भूलतज्ज्ञ बाईंनी विचारलं. उत्तरात त्यांना फारसा रस नव्हता हे मला कळत होतं. त्यांचं लक्ष माझ्या डाव्या हाताच्या शिरेत जाणाऱ्या दुधासारख्या पांढऱ्या औषधाकडे होतं. "भूगोल," मी म्हटलं. म्हणजे म्हणायला घेतलं. त्यातला 'भू' तोंडाबाहेर पडला की नाही ते आजही सांगता येत नाही, कारण त्यानंतर मला ऐकू आलेलं वाक्य होतं, "ताई, डोळे उघडा. झालं तुमचं."

मध्ये तीन तास गेले होते. पित्ताशयात खडे झाले होते, दुर्बिणीने पिशवी काढायची होती. तासाभराचं काम म्हणाले होते, पण पिशवी आत चिकटलेली निघाली म्हणून वेळ लागला. हे सगळं मला नंतर सांगितलं गेलं. त्या तीन तासांबद्दल माझ्याकडे सांगण्यासारखं काहीच नाही. अंधार नव्हता, स्वप्न नव्हतं. रोजच्या झोपेतून जाग येते तेव्हा घड्याळ न बघताही कळतं की पहाट झालीय की अजून रात्र बाकी आहे. इथे तेवढाही अंदाज नव्हता. जुन्या लुगड्याचा विरलेला मधला भाग कापून दोन्ही टोकं दांड घालून जोडतात ना, तसं काहीतरी झालं होतं. फक्त दांडाची शिवण बोटाला लागते, ही लागत नव्हती.

माय बाहेर बाकावर बसली होती. आईला आम्ही घरात मायच म्हणतो. वय चौऱ्याहत्तर, गुडघे गेलेले, तरी कुणाचंही न ऐकता गावाहून आली होती. घरी आल्यावर तिसऱ्या दिवशी तिने पिशवी उपडी केली, तेव्हा रिपोर्टांच्या आणि बिस्किटाच्या पुड्याच्या मधून फुलवाती निघाल्या. लक्षवातीचा तिचा नेम चालू होता. घरच्याच कापसाची सरकी काढून, पिंजून, राखेचं बोट लावून एकेक वळायची, शंभर झाल्या की दोऱ्याने जुडी बांधायची. राखेची डबी तिच्याबरोबर सगळीकडे हिंडते.

"तुले काय, तू तं निजेल व्हती," ती म्हणाली. "मी बसल्या बसल्या तीन जुड्या अन् वर चाळीस वळल्या."

मला नसलेल्या त्या तीन तासांचं माझ्याकडे असलेलं माप तेवढंच आहे. ३४० फुलवाती.

पडल्या पडल्या डोक्यात शब्द घोळत राहतात. आपल्या भाषेत चुकीला भूल म्हणतात, मोहात पडण्याला भुलणं म्हणतात आणि ऑपरेशनच्या आधी देतात तीही भूलच. आमच्याकडे भाद्रपद पौर्णिमेला भुलाबाई बसते. पार्वतीने भिल्लिणीचं रूप घेतलं, शंकर तिला भुलले, म्हणून तो भुलोजी आणि ती भुलाबाई. लहानपणी महिनाभर घरोघर गाणी म्हणत आणि खिरापत ओळखत हिंडायचो, आणि शेवटी कोजागिरीला तिला निरोप द्यायचो. कोजागिरी म्हणजे 'को जागर्ति', कोण जागं आहे? भुलेपासून सुरू झालेला महिना त्या प्रश्नाच्या रात्री संपतो, हे इतकी वर्षं गाणी म्हणूनही लक्षात आलं नव्हतं. पोटाला तीन टाके पडल्यावर आलं.

१६ ऑक्टोबर १८४६ रोजी अमेरिकेत बॉस्टनच्या रुग्णालयात मॉर्टन नावाच्या दंतवैद्याने ईथर हुंगवून एका रुग्णाला बेशुद्ध केलं आणि शल्यविशारदाने त्याच्या मानेवरची गाठ कापली. त्याआधी शल्यविशारदाची कीर्ती त्याच्या हाताच्या वेगावर ठरायची, कारण टेबलावरचा माणूस जागा असायचा आणि त्याला धरून ठेवायला दांडगी माणसं लागायची. पुढच्याच वर्षी एडिंबराच्या सिम्प्सनने क्लोरोफॉर्म आणलं. १८५३ मध्ये राणी व्हिक्टोरियाने बाळंतपणात ते घेतल्यावर कुजबुजणाऱ्यांची तोंडं बरीच बंद झाली. माझ्या शिरेत गेलं ते प्रोपोफॉल. सोयाबीनचं तेल आणि अंड्यातलं लेसिथिन यांत ते घोटलेलं असतं, म्हणून पांढरं दिसतं. सोयाबीनला आमच्याकडे कधी धड भाव मिळाला नाही, पण अशा कामाला येतं म्हणायचं.

डॉक्टर "आता झोप लागेल हं" म्हणतात ते सभ्यपणाने. ती झोप नसते. झोपलेल्या माणसाला हलवलं की तो उठतो. भूल दिलेल्या माणसाचा मेंदू झोपेपेक्षा कोमाच्या जवळ असतो, फक्त तिथून परत आणता येतं. अमळनेरला प्रताप शेटजींनी १९१६ साली उभं केलेलं तत्त्वज्ञान मंदिर आहे. कॉलेजात असताना आमची सहल तिथे गेली होती. एका वयस्कर गृहस्थांनी आम्हा पोरींना वेदान्तातला एक जुना युक्तिवाद सांगितला होता. गाढ झोपेतून उठलेला माणूस म्हणतो, "छान झोपलो, काही कळलंच नाही." आता काही कळलंच नाही, तर छान झोपलो हे सांगणारा कोण? म्हणजे झोपेतही कुणीतरी साक्षी जागा होता. तेव्हा हा मुद्दा बिनतोड वाटला होता. ऑपरेशननंतर मी मुद्दाम स्वतःला विचारून पाहिलं, छान झोपले का? तसं म्हणवेना. माझा साक्षी बहुतेक बाहेर बाकावर वाती वळत बसला होता.

हे सगळं पुन्हा उकरून निघालं ते आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, माहेरी गेले तेव्हा. यावल-फैजपूर रस्त्याच्या आतल्या अंगाला आमचं गाव. त्या आठवड्यात पारा शेहेचाळीसला टेकला होता. रात्री अकराला गच्चीवर पाणी शिंपडलं तर फरशीतून वाफ निघाली आणि मातीचा वास येण्याऐवजी चुन्याचा आला. गाद्या टाकून सगळे उताणे पडलेले. दादाचा मुलगा पुण्याला कंपनीत आहे, त्याला आमच्याकडच्या उन्हाची सवय सुटलेली.

तो म्हणाला, "आत्या, तुला ऑपरेशनला बंद केलं ना, तसं दोन महिने बंद करून ठेवायचं मशीन पाहिजे. पंधरा एप्रिलला आत जायचं, मृग लागला की बाहेर. भूक नाही, घाम नाही, आणि तेवढं वयही वाढणार नाही."

सगळे हसले. मग हसणं थांबलं आणि जो तो मनात आपापला हिशेब करू लागला, हे अंधारातही जाणवलं.

बेडकाचं तेच असतं, दादा म्हणाला. ते खरंच आहे. उन्हाळाभर मातीत गाडून घेतलेले मोठे बेडूक पहिल्या जोरदार पावसात वर येतात, नर तर हळदीसारखे पिवळेजर्द होऊन. मग मीही माझी भूगोलाच्या तासाला न शिकवलेली माहिती काढली. उत्तर ध्रुवाकडे एक जमिनीतली खार असते, ती हिवाळ्यात अंगाचं तापमान शून्याच्याही खाली नेते आणि महिनोन्‌महिने पडून राहते. पण गंमत अशी की ती मधूनमधून शरीर तापवून त्या अवस्थेतून बाहेर येते, आणि येऊन काय करते? त्यातला बराचसा वेळ झोप काढते. थांबलेल्या शरीराची झोप भरून निघत नाही, उलट तिची थकबाकी वाढते, म्हणून झोपण्यासाठी तिला उठावं लागतं, असं काही संशोधकांना वाटतं. २०२० मध्ये जपानच्या त्सुकुबा विद्यापीठातल्या संशोधकांनी उंदरांच्या मेंदूतल्या काही ठरावीक पेशी चेतवून त्यांना अशाच अवस्थेत नेलं. उंदीर काही एरवी हिवाळाभर निजणारा प्राणी नाही.

"मग तं मशीन आलंच म्हणा," वहिनी म्हणाली. "नाव काय ठिवता?"

नाव ठेवायला वेळ लागला नाही. आमच्या गावात आधीच एक आहे. चेंबर.

गावाबाहेर आमच्या चुलतभावाचं केळीचं कोल्ड स्टोरेज आणि पिकवायचं चेंबर आहे. बाहेर ऊन मी मी म्हणत असताना तो जाड दरवाजा ओढला की अंगावर काटा येतो. कच्ची हिरवी केळी तेरा-चौदा अंशांवर ठेवली की पिकायची थांबतात. खोके थरावर थर, मध्ये वारं खेळायला फट, कोपऱ्यात पंख्याचा एकसुरी आवाज. तिथे उभं राहिलं की वाटतं सगळं थिजलंय. पण भाऊ म्हणतो, केळी निजलेली नसते, श्वास घेत असते, फक्त सावकाश. गाडी भरायची वेळ आली की तापमान थोडं चढवायचं आणि इथिलीन सोडायचं, चार-पाच दिवसांत हिरव्याची पिवळी. आणि थंडी जास्त झाली तर? मी विचारलं होतं. त्याने एक वाया गेलेली फणी दाखवली. वरून धुरकट, मातकट, देठाकडे काळसर. तेराच्या खाली बराच वेळ गेलं की साल आतून भाजल्यासारखी होते. मग ती केळी धड हिरवी राहत नाही आणि गॅस दिला तरी नीट पिवळी होत नाही. खाली ठेवताना त्याने ती फणी हळूच ठेवली. ज्याचा माल त्यालाच ठाऊक.

१९९९ साली नॉर्वेत आना बोगेनहोल्म नावाची तरुण डॉक्टर बर्फाखालच्या ओढ्यात ऐंशी मिनिटं अडकली. बाहेर काढली तेव्हा तिचं अंग १३.७ अंशांवर उतरलं होतं आणि हृदय बंद होतं. ती जगली. माणसाचा आणि केळीचा आकडा जवळपास एकच निघावा याचं मला हसू येतं. पण ती जगली, म्हणजे डॉक्टर-नर्सांचा ताफा पाळ्यापाळ्यांनी नऊ तास तिच्याभोवती उभा होता, आणि हातांच्या नसा सावरायला पुढे काही वर्षं गेली. तिच्याबद्दल बोलताना पहिलं वाक्य सगळे सांगतात, दुसरं गाळतात.

तर चेंबर आलं असं समजा. गच्चीवर त्या रात्री आलंच होतं. शेजारच्या काकू म्हणाल्या, त्या नातू अमेरिकेहून येईपर्यंत आत जातील. दर वर्षी 'पुढच्या वर्षी' म्हणतो, तर तोपर्यंत म्हातारपण तरी वाढायला नको. एकाला स्पर्धा परीक्षेचा निकाल लागेपर्यंतची सोय हवी होती. परीक्षा होऊन वर्ष झालं होतं आणि घरातल्या प्रत्येक जेवणाला तो विषय ताटात वाढला जात होता. कुणी म्हणालं, कापूस घरात भरून ठेवायचा आणि आपणही भाव वाढेपर्यंत त्याच्या शेजारी पडायचं. यावर मोठा हशा झाला. तेवढ्यात कुणीतरी म्हणालं, "पण सोसायटीचं व्याज निजत नाही ना!" हशा तिथेच विरला.

मला मात्र लग्नाचे बायोडाटा दिसू लागले. जन्मसाल अमुक, त्यातली चेंबरची वर्षं चार, जागं वय चोवीस. मुलीकडचे विचारणार, चेंबरची धरून सांगताय की सोडून? धाकटा भाऊ थोरल्याहून मोठा होणार, मग वाटणीच्या वेळी थोरलेपणा कुणाचा? सात वर्षं माणसाची खबर लागली नाही तर कायदा तो मेला असं धरून चालतो. इथे खबर आहे, पत्ता आहे, नाडीही आहे, फक्त माणूस नाही. त्याची सही लागली तर? त्याच्या बायकोने वटपौर्णिमेला सात जन्म मागायचे, पण त्यातला चालू जन्म कुठे धरायचा?

पुढचं तितकं गमतीचं नाही. असं यंत्र आधी पैसेवाल्यांकडे येईल आणि ते उन्हाळा टाळतील, हे तर झालंच. पण आमचा भाग ओळखून असलेल्या कुणालाही कळेल की ते फार दिवस हौसेपुरतं राहणार नाही. सातपुड्यातली पावरा-भिल्ल कुटुंबं दर वर्षी ऊसतोडीला उतरतात. मुकादम उचल देतो, आणि नवरा-बायकोची जोडी मिळून एक कोयता धरला जातो. माणसं मोजायचं माप कोयता! हंगाम संपला की ही माणसं परत डोंगरात, आणि पुढच्या वर्षी पुन्हा शोधायची, पुन्हा उचल द्यायची, त्यातली काही दुसऱ्याच मुकादमाकडे गेलेली. त्यापेक्षा हंगाम संपला की गोडाऊनमध्ये ठेवली तर? खायला घालणं नको, पळून जाणं नको, मुलांच्या शाळेची कटकट नको. थरावर थर, मध्ये वारं खेळायला फट. आणि वीजबिल उचलीत धरायचं. म्हणजे निजताना पन्नास हजार अंगावर असलेला माणूस उठेल तेव्हा पाऊण लाखाचा देणेकरी झालेला असेल, एक घोटही न घेता.

हे मी गच्चीवर बोलले नाही. बोलले असते तर पोरं म्हणाली असती, आत्या कशाचंही वाटोळं करते.

म्हाताऱ्यांचं काय होईल तेही मला दिसत होतं. कुणी वाईट वागणार नाही. सगळे चांगुलपणानेच म्हणतील, "बाबा, गुडघ्यांवर नवं औषध येतंय म्हणे, तोवर कशाला हाल?" पहिल्या दिवाळीला सगळे मिळून दरवाजापर्यंत जाऊन नारळ फोडतील. दुसऱ्या दिवाळीला धाकटा मुलगा व्हिडिओ कॉलवर असेल. मग बिलाच्या वाटणीवरून भावांत बोलाचाली, तीन महिने माझे, तीन तुझे. आणि आमच्याकडची वीज! भुसावळजवळ दीपनगरला एवढं मोठं औष्णिक केंद्र, रात्री त्याचा धूर लांबून दिसतो, तरी आमची डीपी जळली की बदलून मिळेपर्यंत गाव डासांशी गप्पा मारतं. त्या लाईनवर बाबांना ठेवायचं.

असं निजलेल्या माणसाचं काय करावं लागतं, हे आपण कल्पनेत शोधण्याची गरज नाही. मुंबईच्या केईएम रुग्णालयात अरुणा शानबाग या परिचारिकेवर १९७३ मध्ये झालेल्या हल्ल्यानंतर त्या २०१५ पर्यंत तिथेच पडून होत्या, बेचाळीस वर्षं. २०११ मध्ये त्यांना मरण द्यावं का यावर सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला, तो कायद्याच्या पुस्तकांत गेला. मला त्यातलं लक्षात राहिलं ते वेगळंच. तिथल्या परिचारिकांनी त्यांना सोडायला नकार दिला. ज्यांनी त्यांना चालताना-बोलताना पाहिलं होतं त्या निवृत्त झाल्या. त्यांच्या जागी आलेल्या मुली अरुणाताई पडल्या तेव्हा जन्मल्याही नसतील, त्याही कूस बदलत राहिल्या, भरवत राहिल्या. रोज, पाळ्या लावून, बेचाळीस वर्षं.

आमच्याकडे या विषयातला सगळ्यात जुना माणूस चांगदेव. मुक्ताईनगर तालुक्यात तापी आणि पूर्णेच्या संगमावर चांगदेव नावाचं गावच आहे, काळ्या दगडाचं जुनं देऊळ आहे, महाशिवरात्रीला यात्रा भरते. हा योगी चौदाशे वर्षं जगला म्हणतात. कसा? दर वेळी मरण जवळ आलं की प्राण मस्तकात चढवून समाधीत जायचा, आणि काळ हात हलवत परत गेला की खाली उतरायचा. चेंबरच की. फक्त विजेवाचून. मग त्याला ज्ञानेश्वरांची कीर्ती कळली, पत्र लिहायला बसला, पण मायना सुचेना. वयाने लहान म्हणून आशीर्वाद लिहावा तर ज्ञानाने मोठे, नमस्कार लिहावा तर आपण चौदाशे वर्षांचे. शेवटी कोराच कागद पाठवला. तो पाहून मुक्ताबाई म्हणाली, चौदाशे वर्षं जगला आणि तरी कोराच राहिला. ज्ञानेश्वरांनी उत्तरादाखल पासष्ट ओव्या लिहिल्या. त्या मी वाचल्या आहेत, कळल्या आहेत असं म्हणणार नाही. मुक्ताबाईचं एक वाक्य मात्र आमच्याकडे शाळेत न गेलेल्या बायकांनाही पाठ आहे. तीच मुक्ताबाई पुढे याच तापीकाठी विजेच्या कडकडाटात गुप्त झाली. जगली किती, तर विशीही गाठली नाही. लोक दोघांच्याही देवळांत जातात, पण जागर होतो तो मुक्ताईचा.

कीर्तनात हे ऐकताना माझी आजी दर वेळी एकच शंका काढायची. एवढी वर्षं तो समाधीत बसला, तर त्याच्या अंगाला मुंग्या लागू नयेत म्हणून कोण बघत होतं? शिष्य असतील की, कुणीतरी म्हणायचं. "मंग त्यायचं नाव काय?" आजी विचारायची. नाव कुणालाच ठाऊक नसायचं.

गच्चीवर बारा वाजत आले होते. गप्पा अजून चेंबरवरच होत्या. भाचा मोबाइलवर हिशेब मांडत होता, एका माणसाला दिवसाला किती युनिट लागतील वगैरे. तेवढ्यात दादा उठला. कमरेचा टॉवेल झटकला, उशाची बॅटरी घेतली, चप्पल शोधली. त्या आठवड्यात शेताला रात्रीची लाईन होती. आमच्याकडे शेतीपंपाला एक आठवडा दिवसा वीज असते, एक आठवडा रात्री. मोटार आपोआप सुरू करायचं यंत्र आहे, फोनवरूनही चालू करता येते. पण ठिबकचे व्हॉल्व्ह फिरवायला, फुटलेली नळी बांधायला, कुठे पाणी चुकलं ते बघायला माणूस लागतोच. केळीला शेहेचाळीसात दोन दिवस पाणी चुकलं तर घड वाकतो. पायाखाली काय येईल सांगता येत नाही, म्हणून तो काठी आपटत चालतो. गल्लीच्या टोकापर्यंत तो आवाज आम्हाला ऐकू आला.

"दादानं नाही सांगितलं, तो कधी जाणार चेंबरमध्ये," भाचा म्हणाला.

वहिनी कूस बदलत म्हणाली, "त्यायले कोण जाऊ देते?"

त्यानंतर कुणी बोललं नाही. मी बराच वेळ आभाळाकडे बघत पडले होते. शहरात आम्ही संध्याकाळी हातगाडीवर डझनाचा भाव पाडून केळी घेतो, रात्री अकराला पंखा लावून निजतो. त्या झोपेच्या दुसऱ्या टोकाला कोण काठी आपटत चाललं आहे हे मला माहीत नव्हतं असं नाही. माझाच भाऊ तो. पण माझ्या तीन तासांना जसं मायच्या वातींचं माप मिळालं होतं, तसं या झोपेला कधी माप लावलं नव्हतं. एक चेंबर आमच्यात कधीपासूनच आहे. त्याच्या आत कोण आणि बाहेर कोण, हे ठरलेलं आहे, आणि आतल्याला ते कळत नाही. कळणार नाही हीच तर त्याची सोय.

हेही सांगायला हवं की मी भूल घेतली, आणि पुन्हा वेळ आली तर पुन्हा घेईन. पोट उघडायला कुणी आलं तर जागं राहण्याची मला अजिबात हौस नाही. बॉस्टनच्या त्या टेबलाआधीची हजारो वर्षं माणसाने दात आवळून काढली, त्याचं मला कौतुक नाही. माझा जीव अडकतो तो एवढ्यातच की ते तीन तास कुठेतरी पडले, कुणाच्या तरी ओटीत पडले.

गेल्या पौषात मायचा एक गुडघा बदलला. कमरेत सुई देऊन पाय बधिर करतात आणि वरून गुंगीचं औषध देतात, म्हणजे आतली खाटखूट ऐकू येत नाही. माय म्हणाली, "मले निजवू नका." डॉक्टरांनी समजावलं, भूलतज्ज्ञांनी समजावलं, मी समजावलं. तिचं एकच, "मी जागी राह्यली म्हंजे माह्यं ध्यान राह्यते." कशावर ध्यान, ते तिने सांगितलं नाही. शेवटी रक्तदाब बघून, बोलत ठेवून, गुंगी न देताच केलं.

मी बाहेर बाकावर होते. येताना तिच्या पिशवीतला पिंजलेला कापूस मी ठरवून घेतला होता. चोवीस वर्षं फळ्यावर नकाशे काढणाऱ्या बोटांना एवढं जमेल असं वाटलं होतं. वात वर फुगायची, दांडी मध्येच तुटायची. राखेची डबी घ्यायची राहिली होती, त्यामुळे कापूस बोटाला चिकटत होता. पहिल्या अर्ध्या तासात अकरा झाल्या. मग दरवाजा उघडला की मान वर करायची, परत खाली, त्यात मोजणीच चुकायची. शेजारच्या बाकावरची बाई म्हणाली, "सासूबाई का?" मी म्हटलं, "आई." ती माझ्या वातींकडे बघत होती, पण काही म्हणाली नाही.

दोन तासांनी मायला वॉर्डात आणलं. ओठ सुकलेले, डोळे लख्ख उघडे. "सुतारच व्हता बापा तो," तिने पहिलं सांगितलं. "ठोकून काय राह्यला, घासून काय राह्यला. मी म्हन्लं, हळू ठोक, तं हासला." मग माझ्या मांडीवरच्या रुमालाकडे नजर गेली.

"किती झाल्या?"

"एकसष्ट."

सलाईनची सुई टोचलेला हात तिने पुढे केला. एक उचलली, डोळ्यांजवळ नेली, फिरवून पाहिली. "ही काय वात हाये? बोंड हाये हे." आणि तिथेच उलगडून पुन्हा वळायला लागली. एक झाली, सरळ, टोकदार, रुमालावर ठेवली. दुसरी घेतली. नर्सने दुखणं कमी व्हायचं इंजेक्शन दिलं ते तेवढ्यात चढत गेलं असावं. बोलता बोलता तिचा आवाज जड झाला, मान उशीवर कलली आणि बारीक घोरणं सुरू झालं. अर्धवट वळलेली वात चिमटीत तशीच होती. मी ती सोडवून घ्यायला गेले, तर सुटेना. घट्ट धरून ठेवली होती तिने.